बेटावरून न उतरलेला मेव्हणा

सूर्याच्या खालोखाल या जगाला कोणी जबाबदारीने उजेड दिला असेल तर तो आपणच, असं माझ्या मेव्हण्याचं प्रामाणिक मत आहे. चंद्राला तो धरत नाही. चंद्र रजा घेतो. एकदा मी त्याला म्हटलं, "अरे, मग ताऱ्यांचं काय?" तर म्हणाला, "दाजी, ते हंगामी कामगार. पावसाळ्यात एक तरी येतो का कामावर?"

हा माझ्या बायकोचा धाकटा भाऊ. अलिबागच्या बाजूला समुद्रात एक लहानसं बेट आहे, बेटावर इंग्रजांच्या काळातलं दगडी लाइटहाऊस आहे, आणि त्या लाइटहाऊसचा दिवा सांभाळण्यात यानं उभा जन्म काढला. रिटायर होऊन ठाकुर्लीला तिसऱ्या मजल्यावर राहायला आला त्यालाही बरीच वर्षं झाली, पण माणूस अजून बेटावरून उतरलेला नाही. त्या बेटाला नाव आहे. नकाशात आहे. पण याच्या तोंडून ते मी कधी ऐकलं नाही. हा नुसतं 'बेट' म्हणतो, आपण आई म्हणतो तसं, कुठली आई ते सांगावं लागत नाही. आमच्या सुनेने एकदा मोबाईलवर कुठल्यातरी लांबच्या बेटांचे फोटो दाखवले, निळं पाणी, नारळ, पांढरी वाळू. "ही पण बेटंच आहेत, मामा," ती म्हणाली. यानं फोन लांब धरून पाहिला, जवळ धरून पाहिला आणि परत देत म्हणाला, "असतील. दिवा कुठाय?"

त्याच्या घराच्या खिडक्या दिवसभर बंद आणि पडदे ओढलेले असतात. संध्याकाळ झाली, सगळी ठाकुर्ली डासांच्या भीतीने खिडक्या लावायला लागली, की हा उघडतो. सोसायटीत याच्यावरून फार बोललं जायचं. एक बाई तर म्हणायची, ह्या घरात काहीतरी आजार आहे. मी विचारलं तेव्हा कळलं, की लाइटहाऊसच्या दिव्याभोवती जी काच असते ती आत माणूस उभा राहील एवढी मोठी असते, आणि दिवसा ऊन त्या काचेतून गेलं तर पलीकडे आग लागते. म्हणून दिवसा तिला पडदे लावायचे, मावळतीला काढायचे. म्हटलं, "अरे बाबा, पण तुझ्या घरात कुठाय तेवढी काच?" त्यानं टेबलाकडे बोट केलं. तिथं त्याचा चष्मा होता. वर रुमाल झाकलेला. "वर्तमानपत्राला आग लागली असती म्हणजे?" तो म्हणाला. मी चौथी शिकलेला माणूस, मोहन्याच्या रेयॉनच्या कारखान्यात जन्मभर मशीन पुसली. मला काय कळतंय, असं समजून गप्प बसलो.

काचेच्या बाबतीत तर तो देवाचंही ऐकायचा नाही, देव असता तर. काचेला लोखंड लागता कामा नये, हा त्याचा कायदा. सोनं नाही, चांदी नाही, बटण नाही, बक्कल नाही. बेटावर दिवा पुसायला चढायचं तर आधी घड्याळ काढायचं, अंगठी काढायची, कमरेचा पट्टा काढायचा आणि वरून सुती एप्रन घालायचा, म्हणजे शर्टाचं बटणसुद्धा काचेला घासणार नाही. मग मऊ चामड्यानं पुसायचं. ठाकुर्लीत काच म्हणजे जिन्यातले बल्ब आणि घरातले कप. पण कायदा तोच. आठवड्यातून एकदा हा पट्टा काढून, एप्रन बांधून, पायजमा एका हातानं धरून स्टुलावर चढतो आणि दुसऱ्या हातानं सगळ्या बिल्डिंगचे बल्ब पुसतो. आमची ही एकदा त्याच्याकडे गेलेली, तर त्याच्या काचेच्या बश्या धुवायला बसली. हा धावत आला. "आक्का, बांगड्या काढ आधी." तिनं पदर खोचला. "का रे? नवरा जिवंत आहे ना माझा? तो बघ बसलाय, चहा पितोय. तुझ्या चार बश्यांसाठी बांगड्या काढू?" हा दोन पावलं मागे सरकला. "मग पातेली घास. बश्यांना हात लावू नकोस." तिनं पातेली घासली आणि घासताना सबंध वेळ त्याला शिव्या दिल्या. तो ऐकत होता, चेहऱ्यावर गाणं ऐकल्यासारखा भाव.

बोलणं त्याचं मोठ्यानं. बेटावर वारा फार, हळू बोललेलं समोरच्यालाच पोचायचं नाही. शिवाय वाऱ्याचा झोत आला की वाक्य मध्येच थांबवायचं आणि वारा पडला की पुढचं बोलायचं, ही सवय. ठाकुर्लीत वारा नाही, पण थांबणं राहिलं. माझ्या मुलाच्या लग्नाची बोलणी चाललेली. मुलीकडची मंडळी जमलेली, आम्ही मामाला मान म्हणून पुढे बसवलेलं. यानं घसा साफ केला आणि दणक्यात म्हणाला, "मुलगी आम्हाला पसंत आहे. पण..." आणि थांबला. खोलीत चिडीचूप. मुलीच्या बापानं हातातली बशी खाली ठेवली. मुलीची आई दाराच्या आडून पुढे आली. माझी बायको मला कोपरानं ढोसायला लागली, जसं काही वारा मीच अडवून धरलाय. शेवटी याचा वारा पडला. "...पण चहात साखर जास्त आहे." सून अजून सांगते, तेवढ्या वेळात तिनं मनातल्या मनात दुसरं स्थळ बघायला घेतलेलं.

स्वतः त्यानं लग्न केलं नाही. केलं नाही म्हणजे एकदा टिटवाळ्याला मुलगी बघायला गेलेला. मुलीला दोन प्रश्न विचारले. दोर धरून होडीतून खडकावर उडी मारता येईल का, आणि पावसाळ्यात होडी आली नाही तर नुसत्या डाळ-बटाट्यावर राहता येईल का. मुलीच्या आईनं पोह्यांच्या बश्या भरलेल्या होत्या, त्या तशाच आत नेल्या. त्यावर याचं म्हणणं, "खरं तेच विचारलं. उद्या बेटावर येऊन रडली असती तर तिला परत सोडायला होडी कुठून आणणार?" होडी कुठून आणणार, ही काळजी अजून गेलेली नाही. मे महिना लागला की हा बटाट्याची गोण, कांद्याची गोण, सुकट, बोंबील, मेणबत्त्या, काड्यापेट्या असं सगळं वर चढवतो. वाण्याचं दुकान बिल्डिंगच्या खाली आहे. बरोबर खाली. याच्या गॅलरीतून टोपली सोडली तर वाण्याच्या काट्यावर उतरेल. "अरे, दुकान खाली आहे!" मी ओरडलो. "आज आहे," तो म्हणाला.

आणखी एक खोड. प्रत्येक लाइटहाऊसची लुकलुकण्याची आपली चाल असते म्हणे. कोणी एकदा चमकून दम खातो, कोणी लागोपाठ दोनदा. खलाशी लांबून ती चाल बघूनच ओळखतो, की आपण कुठे आलो. तशी यानं माणसांनाही चाल लावून ठेवली आहे. माझ्या बायकोची चाल दोन झटपट आणि एक लांब. ती दोन वाक्यं फाडफाड बोलायची आणि मग बराच वेळ नुसती बघायची, ते खरं आहे. सून म्हणजे भराभर लुकलुकणारी. "आणि मी?" मी विचारलं. विचारायला नको होतं. "तुम्ही म्हणजे दाजी, बंदराच्या तोंडाशी लावतात तसला. एकच रंग, लाल, आणि हलत नाही." बायको हसून हसून खाली बसली. पुढे कितीतरी दिवस मी रागावलो की ती म्हणायची, "आलं बंदर."

त्याचे डोळे गेलेत हे आधी तिनंच ओळखलं. आम्ही सगळे त्याच्या खोडी समजत होतो. तो पुसलेले बल्ब पुन्हा पुसायला लागला. म्हणायचा, काजळी धरलीय. विजेच्या बल्बाला काजळी! मग चहा ओतताना कपाशेजारी ओतायला लागला. मग म्हणाला, धुकं फार आहे. मी म्हटलं, "मे महिन्यात? ठाकुर्लीत?" तर मलाच म्हणाला, "तुम्हाला बेटाचं काय माहीत." बायकोनं त्याच्यासमोर दोन बोटं धरली. "किती?" तो हसला. "आक्का, बोटांचा खेळ खेळायचं वय आहे का?" तिनं त्याच दिवशी सुनेला फोन लावायला सांगितलं आणि त्याला धरून माजिवड्याला डोळ्यांच्या दवाखान्यात नेलं. डॉक्टरीणबाई म्हणाल्या, दोन्ही डोळ्यांत मोतीबिंदू आहे, उजवा फार पिकलाय, आणखी थांबलात तर आत सूज येऊन नजर कायमची जाईल, मग आमच्याही हातात काही नाही. घरी येताना रिक्षात हा एकच वाक्य बोलला. "काचेला लोखंड लावणार ती." बायको म्हणाली, "मी हात धरून बसते. मग लावू दे." आक्का म्हणाली म्हणजे झालं, तो तयार झाला. दिवसही ठरला.

आणि मग तिचंच दुखणं निघालं. जास्त लिहीत नाही. लिहिण्यासारखं नाही. पावसाळा संपायच्या आत ती गेली.

पुण्यानुमोदनाचा कार्यक्रम झाला, पाहुणे गेले, खुर्च्या मंडपवाल्यानं नेल्या, आणि मी मोहन्याच्या खोलीत बसलो तो बसलोच. मुलगा-सून ठाण्याला चला म्हणत होते. मी गेलो नाही. दाढी केली नाही. संध्याकाळी दिवा लावायचो नाही, कशाला उठायचं. तर हा रोज मावळतीला रिक्षा बदलत बदलत ठाकुर्लीहून मोहन्याला यायला लागला. यायचा, बटण चाचपून दिवा लावायचा, "दाजी, दाढी करा," म्हणायचा, थोडा वेळ बसायचा आणि जायचा. मी एकदा खेकसलो, "कशाला लावतोस? बघायला कोण आहे?" तो म्हणाला, "ते दिव्यानं बघायचं नसतं." त्याच्या डोळ्यांचं मी विचारलं नाही. खरं सांगायचं तर मला तेव्हा माझ्याशिवाय कोणी दिसत नव्हतं. त्याला दिसत नव्हतं ते निराळ्या कारणानं.

एकदा असाच अंधारात पडलेलो. आमच्या चाळीत दोन खोल्यांमध्ये पत्र्याची भिंत, पलीकडच्यानं कूस बदलली तरी कळतं. शेजारीण शिवणकाम करते, ती विहारात गेलेली, दार उघडं टाकून, आमच्याकडे तसंच असतं. तर पलीकडून बटणाचा आवाज आला आणि मागून याचा आवाज, दणक्यात. "दाजी, पुन्हा अंधारात?" मी उठून बसलो. हा चुकून शेजारणीच्या खोलीत शिरलेला. मला पहिल्यांदा हसू आलं. बऱ्याच दिवसांनी आलं. म्हटलं, चालू दे, गंमत बघू. दारातून डोकावलो. दिवा लावलेला होता, चांगला लखलखीत, आणि हा पलंगावर बसून समोरच्या शिलाई मशीनशी बोलत होता. मशीनवर चादर टाकलेली, वर शेजारणीच्या नवऱ्याची टोपी ठेवलेली. "दाढी करा," हा मशीनला म्हणाला. "माणसात या." मशीन गप्प. मीही गप्पच असायचो, त्याला काय फरक वाटणार.

मग तो हळू बोलायला लागला. एवढ्या वर्षांत मी त्याला हळू बोलताना ऐकलं नव्हतं. "तुम्हाला वाटतं, तुमचीच गेली. माझी पण गेली दाजी. आई कामावर जायची तेव्हा हिनं मला कडेवर वागवलं, हिचीच कंबर केवढीशी. माझं काही दुखलं तर मी हिच्यासमोर रडायचो. आता हिच्यासाठीच रडायचं तर कोणासमोर रडू? तुम्ही असे दगड होऊन बसलेले." थांबला. वारा नव्हता तरी बराच वेळ थांबला. "आणि मला दिसत नाही. दिवा दिसतो, त्याच्याखालचा माणूस दिसत नाही. तुमचं तोंड बघून किती दिवस झाले. लोखंडाचं मी उगाच म्हणतो, तसं खरंही आहे, पण भीती वाटते. आक्का हात धरणार होती. आता एकट्यानं कोण जाणार त्या खुर्चीवर?"

मी दारात उभा. मला असल्या वेळी काय बोलावं ते येत नाही, कधीच आलं नाही, ते खातं हिच्याकडे होतं. मी म्हटलं, "अरे गाढवा, ती शिलाई मशीन आहे."

तो दचकला. आधी माझ्या आवाजाकडे वळला, मग मशीनकडे, मग पुढे होऊन त्यानं टोपी चाचपली. आणि म्हणाला, "तरीच म्हटलं, आज नीट ऐकून घेताय."

दोघेही हसलो आणि मग दोघांनाही हसता येईना. शेजारीण परत आली तर तिच्या खोलीत दोन म्हातारे नाक पुसत उभे. तिला वाटलं, तिच्या घरी कोणी गेलं. मी त्याचा हात धरला आणि आमच्या खोलीत आणलं. म्हटलं, "माजिवड्याला जायचं. मी येतो." "तुम्ही हात धराल?" "धरीन नाहीतर बखोट धरीन. ते तुझ्यावर आहे." आणि दुसऱ्या दिवशी मी दाढी केली, दवाखान्यात माणसं भिकारी समजली असती म्हणून.

डॉक्टरीणबाई तपासून म्हणाल्या, फार उशीर केलात, उजव्याची खात्री देत नाही, पण आत्ता केलं तर आशा आहे. हे ऐकून माणसानं निमूट कागदावर सही करावी. हा खुर्चीत ताठ बसला. "बाई, मी आयुष्यभर काच सांभाळली. एक ओरखडा पडू दिला नाही. तुम्ही तिला लोखंड लावणार?" बाई वयानं आमच्या सुनेएवढ्या. म्हणाल्या, "काका, काच खराब झालीय. ती काढून नवी बसवायची." "काच बदलायला बोट लागते, क्रेन लागते, वरून साहेब येतात. तुम्ही एकट्या करणार?" मी म्हटलं, "करणार. आणि तुझ्या तोंडालापण पट्टी लावणार." तो उठून उभा राहिला. दाराकडे चालायला लागला, म्हणजे त्याला वाटलं दाराकडे, तो कपाटाकडे चाललेला. मला खरोखर भीती वाटली. हा आज गेला तर पुन्हा येणार नाही, आणि मग त्या डोळ्याला शिलाई मशीनसुद्धा दिसणार नाही.

तेवढ्यात सिस्टर आली. तिला आमची भानगड माहीत नव्हती. तिनं त्याला कपाटाच्या दारातच धरलं आणि पाठ केल्यासारखं म्हणाली, "काका, घड्याळ काढा. अंगठी काढा. कमरेला पट्टा असेल तो काढा. आत धातूचं काही न्यायचं नाही." हा जागच्या जागी थांबला. "कोणी सांगितलं तुम्हाला?" "नियम आहे, काका." "हा आमचा नियम आहे," तो म्हणाला. सिस्टरनं हिरवा सुती डगला पुढे केला. यानं हातात घेतला, बोटांनी चाचपला, पुढून, मागून. बटण नव्हतं. बंद होते, तेही पाठीकडे. तो डॉक्टरीणबाईंकडे वळला. "तुम्हीपण हाच घालता?" "आम्हीपण." "हात बघू." मी डोक्याला हात लावला. पण बाई भल्या. त्यांनी दोन्ही हात पुढे केले. ना अंगठी, ना बांगडी, ना घड्याळ. याला दिसत नव्हतं, म्हणून यानं मनगटं चाचपली, बोटं चाचपली आणि शेवटी हाताचा वास घेतला. "साबण चांगला आहे," म्हणाला आणि पट्टा काढून माझ्या हातात दिला. आत जाताना डॉक्टरीणबाईंना विचारत होता, "पुसायला काय वापरता?"

दारापर्यंत मी हात धरला. पुढे सोडत नाहीत.

बाहेर बाकावर बसलो, मांडीवर त्याचं घड्याळ, अंगठी आणि पट्टा. याआधी मी असा बाकावर बसलेलो ते हिच्या वेळी, दुसऱ्या दवाखान्यात. तेव्हा दार उघडून आलेल्या माणसानं आधी चष्मा काढला आणि मला कळलं होतं. मी त्या दाराकडे बघत होतो आणि मनात म्हणत होतो, बाई, चष्मा काढू नका. दार उघडलं. डॉक्टरीणबाईंनी तोंडावरचं फडकं काढलं, चष्मा डोळ्यांवरच होता. "झालं," म्हणाल्या. "छान झालं. फार बोलतात हो तुमचे भाऊ." मेव्हणा आहे, असं सांगणार होतो. नाही सांगितलं.

दुसऱ्या दिवशी पट्टी काढली. हा डोळा मिचकावत इकडेतिकडे बघत होता. भिंतीवरच्या पाटीवरची अक्षरं त्यानं खालच्या ओळीपर्यंत वाचली आणि पाटीवरची ट्यूब पुसायला झालीय, असा शेरा मारला. मग माझ्याकडे बघितलं. बराच वेळ. "दाजी, हा शर्ट निळा आहे?" "निळाच आहे. तुझ्या आक्कानं घेतलेला." "मी राखाडी समजत होतो." मग म्हणाला, "तुम्ही वाळलात फार."

घरी आल्यावर तो तिच्या फोटोसमोर उभा राहिला. इतके महिने रोज येऊन त्यानं त्या फोटोला हात जोडले होते. आता म्हणाला, "हसतेय की ही!" मी म्हटलं, "मग? तुला काय वाटलं?" "मला वाटलं, फोटोत ठेवतात तशी बसली असेल, गंभीर." तो फोटो मीच निवडलेला. मुलगा नको म्हणत होता, दात दिसतात म्हणून.

डॉक्टरीणबाईंचा दाखला त्याला पुरेसा नव्हता. पाटी कोणीही वाचेल, म्हणाला, काच नीट बसली की नाही ते बेटाचा दिवा सांगेल. धुळीवाऱ्यात फिरू नका म्हणून सांगितलेले दिवस सरले तसे कल्याणहून आम्ही अलिबागची एसटी पकडली, पुढे सहा आसनी रिक्षा, आणि ऊन उतरताना किनाऱ्यावर जाऊन बसलो. वाळूत कोळी जाळी सांधत होते. समोर पाण्यात काळं ढेकूळ आणि त्यावर काडी उभी केल्यासारखं काहीतरी. "एवढंसं?" मी म्हटलं. तो माझ्याकडे पाठ करून बसला. सूर्य पाण्यात जायला लागला तसा त्याच्याकडे बघून म्हणाला, "सुटला एकदाचा." मग डाव्या डोळ्यावर तळहात धरला, कारण त्याचं ऑपरेशन अजून व्हायचंय, आणि उजवा बेटाला लावून बसला. ओठ हलत होते. आणि तिकडं काडीच्या टोकाला उजेड चमकला, गेला.

मी त्याच्याकडे बघितलं. तो थांबला होता. इथं मात्र खरंच वारा होता. वारा पडल्यावर म्हणाला, "दिसला."

"आता तिथं कोणी नसतं," थोड्या वेळानं म्हणाला. "आपोआप लागतो."

"वेळेवर लागला का?"

"लागला," तो म्हणाला, जरासा नाराजीनं. मग चेहरा निवळला. "बरं आहे. कोणाला उठायला नको."

आमची ही रोज मावळतीला घरातला दिवा लावताना म्हणायची, "आत्ता आमच्यानं तिकडं लावला असेल." लग्न झाल्यापासून. एक दिवस चुकली नाही. मी वर न बघता हूं म्हणायचो. एकदा जाऊन बघू या, असंही म्हणायची, आणि जायचं ठरायचं, कधी हिच्या बाळंतपणात राहायचं, कधी मुलाच्या परीक्षेत. मला वाटायचं, दिवा तो दिवा, त्यात बघायचं काय. आता समोर तो उजेड काळोखातून यायचा, समुद्रावरून फिरायचा आणि जायचा, आणि गेला की सगळं पहिल्यापेक्षा काळं व्हायचं. मग वाटायचं, आता नाही यायचा. तर यायचा.

मेव्हण्यानं वाळू झटकली. "चला दाजी, गाडी सुटेल."

"थांब जरा," मी म्हटलं. "आणखी एकदा येऊ दे."

तो पुन्हा बसला. उजेड आला. गेला.

"झालं?" त्यानं विचारलं.

"आणखी एकदा."